यारो लावावा की एकिनेशिया?

दोन्ही मुळात रानफुलं, बहुवर्षायू. कडाक्याच्या थंडीत वरून वाळतात आणि वसंतात मुळांतून पुन्हा फुटतात. ऊनही दोघांना भरपूर लागतं. फरक आहे तो स्वभावात.

यारो जमिनीखालून धावणाऱ्या खोडांनी पसरतो. एक रोप लावलं, की काही हंगामांत तो शेजारच्या रोपांच्या जागेवरही हक्क सांगतो. त्याचे लाड करू नयेत. खत-पाणी जास्त झालं की दांडे लुळे पडतात; निकस, कोरड्या जमिनीत मात्र ताठ उभे राहतात. फूल म्हणून दिसतो तो खरं तर सपाट झुबका, इवल्या फुलांची दाटी. पानं पिसासारखी, चुरगळली की उग्र वास येतो. दर दोन-तीन वर्षांनी गड्डा उकरून फोडायचा आणि मधला थकलेला भाग टाकून द्यायचा.

जांभळा एकिनेशिया आपली जागा सोडत नाही. उंची साधारण 60 ते 120 सेंमी. मधल्या काटेरी शंकूतली बारीक फुलं कडेकडून आत उमलत जातात, त्यामुळे बहर बराच टिकतो. बियांपासून केला तर पहिल्या वर्षी बहुधा नुसती पानंच, तेवढा धीर हवा. मुळं सारखी छेडलेली त्याला चालत नाहीत, आणि हिवाळ्यात पाणी साचलं तर कुजतो.

कोरडा उतार झाकायचा असेल तर डोळे झाकून यारो. छोट्या वाफ्यासाठी माझं मत एकिनेशियाला. दोन्ही हवेतच, तर यारोची खोडं पलीकडे जाऊ नयेत म्हणून मध्ये जमिनीत खोलवर अडसराची पट्टी गाडा.