भोगवटा नाही म्हणून मीटर नाही: रत्नागिरीतल्या एका वकिलांना चार स्टार

नव्या बिल्डिंगला भोगवटा, म्हणजे राहायला हरकत नाही असा सरकारी दाखला, नाही म्हणून घरगुती मीटर मिळत नाही, अशांसाठी हा रिव्ह्यू. आणि अशी माणसं आपल्या पट्ट्यात किती आहेत ते या वकीलसाहेबांच्या ऑफिसबाहेरच्या बाकावर बसलं की कळतं. नाव टाकत नाही, वकिलांना जाहिरात चालत नाही, त्यांनीच बजावलंय.

आमचं प्रकरण असं. बिल्डरनं चाव्या दिल्या, वास्तुशांत झाली, मुंबईचे चाकरमानी फ्लॅटवाले गणपतीला येऊनपण गेले, पण वीज अजून बांधकामाच्या टेम्पररी मीटरवर. जिन्याखाली प्लायवूडचा बोर्ड, त्यावर ओळीनं सबमीटर, मार्करनं फ्लॅट नंबर लिहिलेले, एक तारखेला सुपरवायझर मोबाईलच्या टॉर्चवर रीडिंग घेणार आणि युनिटचा रेट काय, तर त्याच्या मनाला येईल तो. पावती मागितली की "शेठशी बोला". दोन घरांत एकदम गिझर लागले की मेन पडलीच. आणि पावसात भिंतीला ओल उतरली की त्या बोर्डाजवळ पोरांना फिरकू देत नाही कोणी. भोगवटा का अडलाय तर पार्किंगच्या जागेत शेठनं गाळे काढले, जे मंजूर नकाशात नाहीतच.

तिथे येणारा जो तो वीज ऑफिसवर केस टाकायची म्हणूनच येतो. 2003 च्या वीज कायद्याचं कलम 43 पाठ करून येतात लोक, मालक किंवा राहणाऱ्यानं मागितली की वीज द्यायलाच पाहिजे, आणि 2024 च्या नियमदुरुस्तीनं मुदतपण कमी केली, महानगरात 3 दिवस, नगरपालिका हद्दीत 7, ग्रामीण भागात 15. वकीलसाहेब सगळं ऐकून घेतात आणि म्हणतात, "अहो, मुदत पूर्ण कागदांच्या अर्जाला. मीटर देणाऱ्याच्या हातात आता फारसं काही राहिलेलं नाही, चावी कोणी दिली त्याला धरा." मग 17 डिसेंबर 2024 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल काढून समोर ठेवतात, मेरठच्या बेकायदा बांधकामाचा, न्या. पारडीवाला आणि न्या. महादेवन यांचा. त्यात सरळ आहे की वीज, पाणी, सांडपाणी ही जोडणी पूर्णत्वाचा किंवा भोगवट्याचा दाखला दाखवल्यावरच द्यायची, आणि बँकांनी कर्जपण तो तपासूनच द्यायचं. पूर्वी हमीपत्रावर मीटर मिळाल्याचे किस्से प्रत्येकाकडे आहेत, ते आता विसरा. कर्नाटकात याच निकालापायी केवढी घरं अंधारात राहिली, शेवटी तिथल्या सरकारनं 1200 स्क्वेअर फुटांपर्यंतच्या प्लॉटवरच्या छोट्या घरांना दाखल्यातून सूट दिली, पण ते तिकडचं, आपल्याला त्याचा उपयोग शून्य.

मला जे आवडलं ते हे की गोड बोलत नाहीत. 1963 च्या मोफा, म्हणजे महाराष्ट्राच्या फ्लॅट मालकी कायद्यात दाखल्याशिवाय बिल्डरनं ताबा द्यायचा नाही तसा आपणही घ्यायचा नाही असं आहे, हे तोंडावर सांगितलं. शेजारच्या वहिनींना तर रागच आला. आणि टेम्पररी मीटरवर घर चालवणं म्हणजे मंजूर कारणापेक्षा वेगळा वापर, त्यावर कलम 126 लावून दुप्पट दरानं आकारणी येऊ शकते हेपण, म्हणजे तो बोर्ड शेठचा असला तरी त्याचा डोकेदुखीचा वाटा आपल्याकडे. एका एजंटनं "आतून मीटर काढून देतो" म्हणून कॅश मागितली होती, त्याचं नाव काढल्यावर साहेबांनी फाईलच मिटली आणि म्हणाले त्याच्याकडे जायचं तर माझ्याकडे यायचं नाही.

मग नोटीस बिल्डरला गेली, आणि नोटीस बाकी झकास लिहिली होती. रेरा, म्हणजे बिल्डरांवर लगाम ठेवणाऱ्या केंद्राच्या कायद्याच्या कलम 11 प्रमाणे भोगवटा आणणं बिल्डरचं काम, आणि सोसायटीच्या हातात कारभार जाईपर्यंत आवश्यक सेवा वाजवी दरात पुरवणंपण त्याचंच, मग हा मनमानी रेट कुठला? सोबत जानेवारी 2022 चा मुंबईच्या समृद्धी सोसायटीचा सुप्रीम कोर्टाचा निकाल, भोगवटा न देणं ही सेवेतली त्रुटी आणि रोज चालू राहणारी चूक, म्हणजे "आता मुदत गेली" हे बिल्डरला म्हणता येत नाही. शेठला बहुतेक हे दुसरं झोंबलं. आता टेम्पररी मीटरचं खरं बिल नोटीस बोर्डावर लागतं आणि सबमीटरप्रमाणे वाटून येतं, गाळ्यांची शटर काढलीत, भोगवट्याची फाईल पुन्हा नगररचनाकडे गेली आहे. मीटर अजून नाही. महारेराकडे, म्हणजे त्याच कायद्याखालच्या राज्याच्या प्राधिकरणाकडे, करायची तक्रार तयार ठेवली आहे, तिची फी 5000 रुपये, ऑनलाईन भरायची, शेठ पुन्हा ढिला पडला की टाकणार.

एक स्टार कापला तो वेळेबद्दल. सकाळची वेळ देतात आणि कोर्टातून येतात जेवायच्या वेळी, तोपर्यंत तुम्ही बाकावर, पंखा आहे पण हलतो फक्त. फी मात्र आधी कागदावर लिहून देतात आणि तेवढीच घेतात. जाताना करारनामा, ताबा पत्र, मंजूर नकाशाची नक्कल आणि सबमीटरचे पैसे दिल्याचे यूपीआयचे स्क्रीनशॉट प्रिंट काढून न्या, मोबाईलवर दाखवलेलं ते बघत नाहीत. पत्ता पाहिजे असेल तर कोर्टाबाहेरच्या टायपिंगवाल्यांना "मीटरवाले वकील" म्हणून विचारा, आणि फोन करणार असाल तर संध्याकाळी सातनंतर.