शोरिंजी केंपो की आयकिदो?

स्वसंरक्षणाबरोबर आचारविचारांनाही वळण लागावे, या हेतूने जपानी युद्धकला शिकू पाहणाऱ्याने शोरिंजी केंपो आणि आयकिदो यांतून एक निवडताना आधी डावपेच न पाहता, नीतीचे शिक्षण कोणत्या वाटेने दिले जाते ते पाहावे, असे माझे मत आहे.

मांचुरियातून मायदेशी परतलेल्या सो दोशिन यांनी १९४७ साली कागावा प्रांतातील तादोत्सु या गावी शोरिंजी केंपो सुरू केली. युद्धातील पराभवाने सैरभैर झालेली माणसे पुन्हा उभी करणे हे त्यांचे उद्दिष्ट होते. ठोसे, लाथा आणि पकडी हे त्याचे साधन. म्हणूनच इथे नीतीचा पाठ उघडपणे दिला जातो: सरावाला बैठे ध्यान आणि शिक्षकाचे प्रवचन यांची जोड असते, आणि वरच्या श्रेणीच्या परीक्षेत तत्त्वज्ञानावर लेखी उत्तरेही द्यावी लागतात. निम्मे जगणे आपल्या सुखासाठी आणि निम्मे इतरांच्या, ही त्यातली मध्यवर्ती शिकवण. सराव प्रामुख्याने जोडीने होत असल्याने ती रोज हातापायांतूनही गिरवली जाते. प्रवचनाचा कंटाळा असणाऱ्याला मात्र हे जाचक वाटेल.

उएशिबा मोरिहेई यांनी स्थापलेल्या आयकिदोत नीती सांगितली जात नाही असे नाही, पण ती मुख्यतः हालचालीतच मुरलेली आहे: हल्लेखोराचा जोर वळवायचा, त्याला जायबंदी न करता आवरायचे. ताकेदा सोकाकु यांच्याकडे घेतलेले दाइतो-र्यू या जुजुत्सु शैलीचे शिक्षण आणि ओमोतो या जपानी धर्मपंथाचा प्रभाव, या दोहोंतून ही कला घडली. पुढे आयकिकाई, योशिनकान अशा शाखा झाल्याने वर्गावर्गांत फरक पडतो आणि बरेच काही शिक्षकावर अवलंबून राहते. शोरिंजी केंपोचा अभ्यासक्रम त्या मानाने एकसूत्री आहे. आयकिदोच्या बहुतेक शाखांत स्पर्धा नसते, टोमिकी शाखा हा ठळक अपवाद.

केवळ स्वसंरक्षण पाहिले तर ठोसा आणि लाथ दोन्ही शिकवणारी शोरिंजी केंपो नवशिक्याच्या लवकर उपयोगी पडते. आयकिदोत नीट पडायला शिकण्यातच बराच काळ जातो, आणि गुडघ्यांवर बसून करायचे प्रकार दुखऱ्या गुडघ्यांना मानवत नाहीत.

प्रवेश घेण्यापूर्वी एक वर्ग बसून पाहावा. शोरिंजी केंपोत प्रवचन खरोखर होते की उरकले जाते, हे पाहावे. आयकिदोत जुना विद्यार्थी नवख्याचे मनगट पिळताना कुठे थांबतो, तिकडे लक्ष द्यावे.