जातवैधतेची याचिका मागे घेताना मिळालेली वकिली सेवा : अभिप्राय

मुलीच्या जातवैधता प्रमाणपत्रासाठी उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात आम्ही रिट याचिका केली होती. ती दाखल करण्यापेक्षा मागे घेताना आमच्या वकिलांनी जी दक्षता दाखवली, तिच्याविषयी मुख्यतः हा अभिप्राय आहे.

पडताळणी समितीकडे दावा रखडल्यामुळे अभियांत्रिकीचा प्रवेश अडला होता आणि न्यायालयाच्या अंतरिम आदेशाने तो हंगामी स्वरूपात मिळाला. पुढे समितीसाठी दाव्याची चौकशी करणाऱ्या दक्षता पथकाचा अहवाल आला, समितीने दावा मान्य केला आणि प्रमाणपत्र हाती पडले. आता मागण्यासारखे काही उरले नाही, तारखेला कोणी गेले नाही तरी चालेल, असे ओळखीतल्या दुसऱ्या एका वकिलांनी मला सांगितले होते. हे ऐकताच आमच्या वकिलांनी अंतरिम आदेशाची प्रत काढली आणि 'सब्जेक्ट टू द आउटकम' (म्हणजे प्रवेश याचिकेच्या निकालावर अवलंबून) या शब्दांखाली पेन्सिलीने रेघ ओढली. याचिका गैरहजेरीत खारीज झाली तर तिच्याबरोबर अंतरिम आदेशही संपतो आणि प्रवेश अधांतरी राहतो, हे तेव्हा माझ्या ध्यानात आले.

त्यांनी प्रमाणपत्राची प्रत सरकारी वकिलांना आधीच दिली, प्रेसिपी, म्हणजे प्रकरण सुनावणीला घेण्याची लेखी विनंती, देऊन ते बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) घेतले आणि याचिका मागे घेण्याची परवानगी मागताना समितीने वैधता दिल्याची नोंद व हंगामी प्रवेश नियमित करण्याचा निर्देश, या दोन्ही गोष्टी आदेशात येतील असे पाहिले. गरज पडल्यास पुन्हा दाद मागण्याची मुभाही त्यांनी मागून घेतली. कारण अशी मुभा न घेता रिट मागे घेतल्यास त्याच कारणासाठी दुसरी रिट सहसा करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात १९८६ साली ठरवले आहे. दिवाणी दाव्यांना हाच दंडक दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम १ ने लागू होतो.

सुनावणी दोन मिनिटांत आटोपली. या कामाची वेगळी फी घेतली नाही, केवळ झेरॉक्स व नकलेचा खर्च लागला. तक्रार एकच : वकीलसाहेब स्वतः फोन क्वचितच घेतात आणि त्यांच्या कारकुनाकडून 'बोर्ड बघून सांगतो' यापलीकडे उत्तर मिळत नाही, त्यामुळे तारखेच्या आदल्या रात्रीपर्यंत जीव टांगणीला लागतो.

आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल घेऊन आम्ही महाविद्यालयात गेलो, तेव्हा तिथल्या लिपिकाने शेवटचा परिच्छेद दोनदा वाचला आणि मुलीच्या नावापुढचा 'हंगामी' हा शेरा लाल शाईने खोडला.