ओटीपी कुणालाच सांगितला नव्हता, तरी मावशीचे पैसे गेले

घरातल्या मोठ्या माणसांना हे नक्की वाचून दाखवा. माझ्या मावशीला फोन आला, बँकेतून बोलतोय, व्हेरिफिकेशन राहिलंय, आज नाही केलं तर खातं बंद होईल. मग म्हणाला व्हॉट्सअ‍ॅप व्हिडिओ कॉलवर या, नीट समजावून सांगतो. व्हिडिओ कॉल म्हटल्यावर तिला उलट खात्रीच वाटली. पण पठ्ठ्याने स्वतःचा कॅमेरा बंदच ठेवला, नेटवर्क वीक आहे म्हणे, आणि तिला स्क्रीन शेअर दाबायला लावलं.

सगळा घात इथे झाला. ओटीपी कुणाला सांगायचा नाही हे तिला पक्कं माहीत होतं आणि तिने तो सांगितला पण नाही, पण स्क्रीन शेअर चालू असताना वरती नोटिफिकेशनमध्ये जे येतं ते समोरच्याला जसंच्या तसं दिसतं, तिने त्याने पाठवलेल्या लिंकवर टाइप केलेला कार्ड नंबर पण त्याला दिसला. तो बोलण्यात गुंतवून ठेवत होता आणि तिकडे पैसे जात होते. वर व्हॉट्सअ‍ॅपचं अकाउंटही गेलं, कारण नवीन फोनवर लॉगिनचा सहा आकडी कोड पण त्याच स्क्रीनवर आला!! मग तिच्या नावाने सगळ्या नातेवाइकांकडे पैशांची मागणी सुरू.

अ‍ॅप एन्क्रिप्टेड आहे ना, म्हणजे मधल्या कुणाला आपलं बोलणं कळत नाही ना, असं सगळे म्हणतात. व्हॉट्सअ‍ॅपचे कॉल २०१६ पासून एंड टू एंड एन्क्रिप्टेड आहेत, खरंय. पण ते मधेच कान लावणाऱ्यासाठी, आपण स्वतः ज्याला दार उघडून आत घेतलं त्याला ते काय अडवणार.

अनोळखी माणूस कॉलवर स्क्रीन शेअर कर म्हणाला की सरळ कट करा, बँक असं कधीच करायला सांगत नाही. व्हॉट्सअ‍ॅपच्या सेटिंगमधला टू स्टेप व्हेरिफिकेशनचा पिन आजच लावा, तो असला की नुसता एसएमएसचा कोड चोरून भागत नाही. कामासाठी शेअर करायचंच असेल तर नवीन अँड्रॉइडमध्ये पूर्ण स्क्रीनऐवजी एकच अ‍ॅप निवडता येतं, तेच वापरा.

आणि झालंच असं काही तर आधी कॉल आणि नेट बंद, मग कार्डाच्या मागच्या नंबरवर बँकेला फोन करून कार्ड ब्लॉक करा. व्हॉट्सअ‍ॅप गेलं असेल तर आपल्या नंबरने लगेच परत रजिस्टर करा, एसएमएसचा कोड टाकला की चोर लॉगआउट होतो. त्याने स्वतःचा पिन लावून ठेवला असेल तर मात्र आपल्याला आत जायला ७ दिवस थांबावं लागतं, तोवर ओळखीच्यांना फोन करून सांगत राहा.