रीपर: छोट्या बजेटच्या सिनेमाच्या पार्श्वसंगीताला पुरतं का?

रीपर हे कंप्युटरवर संगीत रेकॉर्ड करून जुळवायचं सॉफ्टवेअर, आणि या कामाला ते पुरतं. अंधेरी-वर्सोव्यात एका खोलीत बसून इंडिपेंडंट सिनेमाचं पार्श्वसंगीत करणाऱ्याला दुसरं काही घ्यायची गरज नाही. ६० दिवस सगळं खुलं वापरून बघता येतं. धंद्याची वर्षाची कमाई २० हजार डॉलरच्या आत असेल तर लायसन्स ६० डॉलरला, त्यापुढे २२५. वाचलेले पैसे ढोलकी-संबळवाल्यांच्या सेशनवर घाला, कारण रीपरसोबत वाद्यं जवळजवळ येतच नाहीत, आणि सॅम्पलमधला संबळ शांत दृश्यात लगेच उघडा पडतो.

खरी गोची टेम्पोची. नव्या प्रोजेक्टचा टाइमबेस, म्हणजे सगळं कशाला बांधलेलं राहतं ते, 'बीट्स' असतो. टेम्पो ७२ वरून ७६ केला की व्हिडिओसुद्धा आखडतो आणि वेगाने पळतो. मग क्यू, म्हणजे एका दृश्याचा संगीताचा तुकडा, जागेवर बसलाय की नाही, हे कशावरून ठरवणार? प्रोजेक्ट सेटिंग्जमध्ये टाइमबेस 'टाइम' करा, म्हणजे चित्र आणि हिट पॉइंटचे (संगीत ज्या क्षणी चित्राशी जुळायला हवं त्याचे) मार्कर हलणार नाहीत. मग फक्त मिडीच्या (वाजवलेल्या सुरांच्या नोंदींच्या) ट्रॅकना 'बीट्स' द्या. हे पहिला सूर लिहिण्याआधी करायचं.

एडिटरकडून पिक्चर लॉकनंतरचीच (कापाकापी संपल्यावरचीच) फाइल घ्या, चित्रावर टाइमकोड (वेळेचा आकडा) छापलेली, प्रोरेस प्रॉक्सी किंवा डीएनएक्सएचडी या प्रकारात. एच.२६४ फाइल मागे-पुढे करताना अडकते. फ्रेम रेटही तेव्हाच विचारा: २३.९७६ आणि २४ यांत तासाला ३.६ सेकंदांचा फरक पडतो.

मिक्सिंग स्टुडिओत बहुतेक प्रो टूल्स हे सॉफ्टवेअर असतं आणि रीपरला एएएफ फाइल (एका सॉफ्टवेअरमधून दुसऱ्यात अख्खं सेशन नेणारी) काढता येत नाही. म्हणून ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटचे ब्रॉडकास्ट वेव्ह स्टेम (वाद्यगटांच्या वेगवेगळ्या ऑडिओ फाइल) द्या. त्यांत टाइमस्टॅम्प (सुरुवातीच्या वेळेची नोंद) असला की ते तिथे आपल्या जागी बसवता येतात. ताल, तंतुवाद्यं, आवाज, बाकीचं असे चार फोल्डर केलेत तर संवादाखाली नुसता ताल उतरवायची सोय मिक्सरला राहते. प्रत्येक क्यूचं रीजन (टाइमलाइनवर आखलेला भाग) करा, रीजन रेंडर मॅट्रिक्समध्ये खुणा करा, सगळे स्टेम एकदम निघतात. हे काम रीपर फार सुंदर करतं! फक्त रिव्हर्ब (घुमारा) वेगळ्या ट्रॅकवर सेंडने दिला असेल तर स्टेम कोरडे निघतात, तेव्हा प्रत्येक फोल्डरला त्याचा रिव्हर्ब त्याच्या आतच द्या.

नोटेशन मात्र कच्चं आहे. व्हायोलिनवाल्यांसमोर ठेवायचा कागद त्यातून नीट निघत नाही. मिडी फाइल काढून म्यूझस्कोर या नोटेशनच्या सॉफ्टवेअरमध्ये न्या. ते फुकट मिळतं.