हेडगार्ड बरं आहे, आतला कागद वाचा

चार महिने बॉक्सिंगच्या स्पारिंगला, म्हणजे सरावाच्या लढतींना वापरतोय. गालांजवळचं पॅडिंग जाड आहे, भुवई एकदाही फुटली नाही. हनुवटीचा पट्टा मात्र घामाने सैल होतो आणि तिसऱ्या राउंडपर्यंत हेडगार्ड डोळ्यांवर उतरतं. समोरून जॅब येताना हे परवडत नाही!

खोक्यात एक चिठोरं निघालं: इजा किंवा मृत्यूस उत्पादक जबाबदार नाही. मग कोण? माझ्या ठोशाने समोरचा गेला तर मी? 1962 मध्ये एमिल ग्रिफिथशी लढून बेनी पारेट गेला, 1982 मध्ये रे मॅन्सिनीशी लढून डुक कू किम. दोन्ही विजेत्यांवर खटला झाला नाही. दोघांची संमती, नियमातली लढत, पंच हजर. कायदा सहसा इथेच थांबतो. घंटेनंतर मुद्दाम मारलेल्या ठोशाला ते कवच नाही, हे मी जोडीदाराला दोनदा ऐकवलंय.

हेडगार्डने कातडी वाचते, कवटीत मेंदू हिंदकळायचा तो हिंदकळतोच. चिठोऱ्यावर हेही छापायला हवं होतं. पाचपैकी तीन. पट्टा सुधारला तर साडेतीन.