सोनी एफएक्स६ : गोव्यात मालिका चित्रित करणाऱ्याच्या दृष्टीने

मालिकेच्या छायालेखकाची पारख एखाद्या देखण्या चौकटीवरून होत नाही. सकाळी घेतलेला मास्टर (संपूर्ण प्रसंगाचा दूरचा शॉट) आणि सायंकाळी घेतलेला क्लोज (चेहऱ्याचा जवळचा शॉट) एकाच वेळेचे वाटतील इतका प्रकाश त्याने सांभाळला की नाही, यावरून होते. नोव्हेंबर २०२० मध्ये जाहीर झालेल्या सोनी एफएक्स६ या व्हिडिओ कॅमेऱ्याकडे मी याच कसोटीने पाहतो. गोव्यातील कामासाठी या कॅमेऱ्याची खरी जमेची बाजू त्याच्या फुल-फ्रेम सेन्सरपेक्षाही अंगच्या एनडी फिल्टरमध्ये (रंग न बदलता प्रकाश कमी करणाऱ्या काचेत) आहे, असे माझे मत आहे.

हा फिल्टर १/४ पासून १/१२८ पर्यंत, म्हणजे पाच स्टॉप (एक स्टॉप म्हणजे प्रकाश दुप्पट किंवा निम्मा), सलग कमीजास्त करता येतो. जुन्या गोमंतकीय घराच्या अंधाऱ्या दिवाणखान्यातून पात्र बोलत बोलत बल्कांवावर (दारापुढच्या बैठकीच्या ओट्यावर) येते आणि मागे मे महिन्याच्या उन्हाने तापलेले अंगण दिसू लागते, तेव्हा अ‍ॅपर्चर (लेन्सचे प्रकाशछिद्र) फिरवले तर पार्श्वभूमीची धूसरता मध्येच बदलते. येथे अ‍ॅपर्चर न हलवता केवळ एनडी वाढवत नेला की भागते. मात्र पूर्णपणे बाजूला असलेला फिल्टर चालू शॉटमध्ये आत आला, तर तो झटका चित्रात उमटतो. म्हणून शॉटची सुरुवातच १/४ वर करावी आणि तेवढ्या दोन स्टॉपची भरपाई आतल्या दिव्यांनी करावी. ८०० आयएसओ (सेन्सरची प्रकाशसंवेदनशीलता), १/५० सेकंद शटर आणि १/१२८ एनडी असताना भर उन्हातही एफ ५.६ अ‍ॅपर्चरवर राहता येते.

एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्रातील कोविड-निर्बंधांमुळे अनेक मालिकांचे चित्रीकरण गोव्यात आले (मे महिन्याच्या आरंभी येथील परवानग्याही रद्द झाल्या, हा भाग वेगळा). सेटवर डोक्यावर दिव्यांची कायमची मांडणी असते. गोव्यातील बंगल्यात ती सोय नसते. अशा जागी दुसरा, उंच बेस आयएसओ (कमी प्रकाशातही स्वच्छ चित्र देणारी सेन्सरची मूळ पातळी; एस-लॉग या नंतर रंगसंस्करण लागणाऱ्या चित्रणपद्धतीत १२८००) फार उपयोगी पडतो, आणि रात्रीची पालखी किंवा शिगमोची मिरवणूक टिपतानाही तोच आधार असतो.

उणिवा किरकोळ नाहीत. व्ह्यूफाइंडर नाही, आणि साडेतीन इंची पडद्यावर दुपारी किनाऱ्यावर एक्स्पोजर डोळ्यांनी ठरवणे धोक्याचे आहे. तेथे वेव्हफॉर्मवरच (चित्रातील उजेडाची पातळी दाखवणाऱ्या आलेखावरच) विसंबावे. बॉडीत चित्राचे हादरे शोषणारे सेन्सरचे स्थिरीकरण नाही, शिवाय अवघ्या ८९० ग्रॅमची बॉडी खांद्यावर टेकत नसल्याने हातातल्या शॉटसाठी वेगळा रिग (आधाराचा सांगाडा) लागतो.

रोजच्या भागांना रंगसंस्करणासाठी वेळ मिळत नाही, तेव्हा एस-लॉगच्या मोहात न पडता एस-सिनेटोनमध्येच (कॅमेऱ्यातूनच तयार रंग देणाऱ्या पद्धतीत) चित्रण करणे शहाणपणाचे ठरते. सेकंदाला २५ फ्रेमच्या कामाला वेगवान एसडी कार्डही पुरते. फोकस पुलरचा (फोकस सांभाळणाऱ्या सहायकाचा) ऑपरेटिव्ह कॅमेरामन, म्हणजे प्रत्यक्ष कॅमेरा चालवणारा, नुकताच झालेल्याने मात्र हा कॅमेरा विकत घेण्याची घाई करू नये. गोव्यात मालिकांचे काम सलग नसते आणि हप्ता दर महिन्याला येतो. तूर्त कॅमेरा भाड्याने घ्यावा आणि हाती असलेले पैसे चांगल्या लेन्समध्ये घालावेत.